पांगुळगाड्याला खालची फळी नसते

खरवई, २८ ऑक्टोबर २०२५

रिद्धी,

तुझा कागद भाऊबीज उलटल्यावर आला. अंबरनाथ पश्चिमेहून खरवईला रिक्षा बदलत आलं तरी पाऊण तास लागतो, पोस्टाने नऊ दिवस घेतले. पाकिटावर तुझं अक्षर दिसलं म्हणून मी हात धुऊन, चष्मा पुसून ते उघडलं. आत काय, तर तुझ्या कामातला छापील फॉर्म. बोलीतल्या शब्दांची नोंद. 'माहितीदाराचे नाव : श्रीमती चिमी भगवंत भोईर.' नऊ महिने पोटात वागवलं, तिची मी माहितीदार झाले. खाली वय, शिक्षण, मूळ गाव. माझं मूळ गाव तुला ठाऊक नाही? तिथल्या आंब्यावरून पडून हात मोडून घेतला होतास.

मग शब्द क्रमांक एकशे चौदा. 'पंगतीत अन्न वाढण्यासाठी ढकलत नेण्याची चाकांची गाडी. आपल्याकडे काय म्हणतात? अर्थ सांगा. वापर सांगा.' उत्तराला चार ओळींची जागा आणि त्याखाली तुझी सही, शिक्का मारल्यासारखी.

उन्नती म्हणते, असे फॉर्म गावात चाळीस घरी आलेत. तिच्या वडलांना, कमळाकर भावजींना, तू नांगराच्या भागांची नावं विचारलीस. मला मात्र हा शब्द. मुद्दाम विचारलास, हे न कळण्याइतकी तुझी आई बावळट नाही.

तू माझा नंबर बंद करून ठेवलास त्याला येत्या डिसेंबरात तीन वर्षं होतील. कमळाकर भावजींच्या मुलाचा साखरपुडा होता, लग्नकार्याला भाड्याने देतो त्या आपल्याच हॉलमध्ये. तू मागच्या बाजूने धावत आलीस आणि भरल्या पंगतीत ओरडलीस, "जेवू नका, तुम्हाला उष्टं वाढताहेत." पंगत थिजली. तुझा भाऊ भूपेश पांढराफटक पडला. आणि मी उठून सगळ्या भावकीसमोर म्हणाले की माझी पोर खोटं बोलते. तू त्याच पावली गेलीस. जाताना म्हणालीस, "ज्यांच्यासमोर मला खोटी म्हणालीस, त्यांच्यासमोर खरं बोल. तोवर मला आई नाही."

आता तीस नोव्हेंबरला उन्नतीचं लग्न आहे. हॉल तोच, माणसंही तीच असणार. ती पोरगी माझ्या मांडीवर डोकं ठेवून रडली की रिद्धीताई नसेल तर मी हळदीला बसणार नाही. तू तिला सांगितलंस म्हणे, आधी आईला बोलू दे. मी काय बोलायचं? धंद्याचा प्रश्न होता, रागात तोंडातून एक शब्द गेला. तीन वर्षं त्याचं भांडवल करतेस, धन्य आहे तुझी.

फॉर्म भरते. चार ओळींत मावणार नाही. उन्नती तुझ्या घराजवळच्या बँकेत नोकरीला जाते, तिच्या हाती पाठवीन. पोस्टाला परत नऊ दिवस द्यायचे नाहीत.

आई
(माहितीदार)


खरवई, ५ नोव्हेंबर २०२५

रिद्धी,

शब्द : पांगुळगाडा. आळीतली म्हातारी माणसं नुसतं 'पांगुल' म्हणतात. बदलापूर स्टेशनच्या पलीकडे हा शब्द कुणाला कळत नाही. उल्हासनगरला सगळे ट्रॉलीच म्हणतात, भूपेशही ट्रॉलीच म्हणतो.

अर्थ : तुला वाटत असेल, पोरं चालायला शिकतात त्या गाड्याचं नाव कुणीतरी गमतीने दिलं. तसं नाही. ती गाडी तुझ्याच पांगुळगाड्याची केलेली होती.

हॉल नव्हता तेव्हा लग्नं अंगणातल्या मांडवात व्हायची आणि वाढायला भावकीतले पुरुष असायचे. भाड्याचा वाढपी कुणी ठेवला असता तर त्याच्याकडे कोण जेवलं असतं? तुझे बाबा भाताचं पातेलं एका हातावर पेलून शंभर पानांवरून जायचे. मग कंपनीत लाकडी पेट्या उचलताना त्यांची कंबर धरली. डॉक्टरांनी सांगितलं, पातेलं विसरा. पण वाढपाचा मान त्यांना सोडवेना. सुतारकीचा हात होताच. तुझा पांगुळगाडा माळ्यावर पडला होता, त्याची चाकं काढली, कमरेइतक्या उंचीवर एक जाड फळी ठोकली, पातेलं हलू नये म्हणून भोवती कठडा केला. पहिल्यांदा ती घेऊन पंगतीत आले तेव्हा कमळाकर भावजी ओरडले, "काय रं भगवंता, फिरशी चालाला शिकतंस कं?" मोठेपणी परत पांगुळगाडा, म्हणून सगळी पंगत हसली, बाबाही हसले. त्या दिवसापासून तिचं नाव पांगुळगाडा.

पण चाकं आहेत म्हणून कुठलीही गाडी पांगुळगाडा होत नाही. मी त्यांना म्हटलं होतं, खाली आणखी एक फळी लावा, रिकामी भांडी ठेवता येतील. ते म्हणाले, "खाली फळी लावली की कुणीतरी तिथे उष्टं ठेवणारच. वाढपाच्या गाडीला खरकटं शिवायचं नाही." म्हणून एकच फळी. खरकटं उचलायला वेगळी माणसं, वेगळं घमेलं, आणि त्यांची वाटसुद्धा वेगळी, पंगतीच्या पाठीमागून. उष्टं उचललेल्या माणसाने हातपाय धुतल्याशिवाय पांगुळगाड्याला हात लावायचा नाही. एकदा मी घाईत एक जेवून रिकामं झालेलं पान त्या फळीवर ठेवलं, तर भर पंगतीत त्यांनी पातेली खाली उतरवली, फळी धुतली आणि मगच पुढे निघाले. मला इतकी लाज वाटली की दोन दिवस मी त्यांच्याशी बोलले नाही.

वापर : 'पांगुल आली, पानं सावरा.' 'तुमच्याकडं पांगुल फिरली कं?' म्हणजे जेवण झालं का. रुसून बसलेल्या व्याह्यांना म्हणायचे, 'पांगुल दारात हुबी हाय, आता राग सोडा.' गाडी नवरीच्या बाजूने निघायची, आणि सगळ्यांची पोटं भरली की शेवटच्या पंगतीला घरची माणसं बसायची.

झाली तुझी माहिती. आता माझंही एक नोंदवून घे. त्या साखरपुड्याच्या दिवशी मी पुढे पाहुण्यांत होते. मागे काय चाललं होतं ते मला कुठून दिसणार? तू धावत आलीस, ओरडलीस, भावाची अब्रू गेली. जे डोळ्यांनी पाहिलं नाही त्याला खरं कसं म्हणायचं, तूच सांग. तू शिकलेली आहेस.

आई


खरवई, १२ नोव्हेंबर २०२५

रिद्धी,

तुझी चिठ्ठी उन्नतीने दिली. 'शब्द : स्वीकारला. अर्थ : पूर्ण. वापर : अपूर्ण.' आणि खाली तुझ्या पेनाने एकच ओळ : 'स्टीलच्या गाडीबद्दल काहीच लिहिलेलं नाही.' आईला कशी आहेस एवढं विचारायला शाई संपली होती का?

बरं, स्टीलच्या गाडीबद्दल घे.

बाबा गेले, जमिनीवर बिल्डिंगी आल्या, भूपेशने हॉल काढला. उल्हासनगरला भांड्यांच्या दुकानात आम्ही दोघं गेलो होतो. दोन मजल्यांची गाडी होती, चकचकीत, वर एक कप्पा, खाली एक. दुकानदार सिंधी, म्हातारा, भला माणूस. त्याने स्वतःहून सांगितलं, "मौसी, नीचे बर्तन रखो, जूठा मत रखो. जूठे के लिए अलग गाडी लेके जाओ." भूपेश म्हणाला, "अंकल, एक ही बस है. ऊपर से देने का, नीचे से लेने का. आधा स्टाफ बचेगा." त्या माणसाने माझ्याकडे पाहिलं. मी दुसरीकडे, कुकरच्या झाकणांकडे पाहत उभी राहिले.

त्या गाडीने हॉलची दशा काय केली ते तू पाहिलंस, पण तू वरवर पाहिलंस. मी रोज पाहते. वर वरणाचं पातेलं वाफाळतंय आणि खाली, वीतभर अंतरावर, चोखलेल्या शेंगा, चावून टाकलेली मिरची, कुणीतरी हात पुसलेला कागद, आइस्क्रीममध्ये बुडवलेली सुपारी. ढवळायचा डाव वरून निसटला की खाली पडतो, वाढपी उचलतो, पॅन्टला पुसतो, परत वर घालतो. आणि पाहुणे! बदलापूरच्या नव्या टॉवरमधले, गळ्यात पट्टे अडकवून ऑफिसला जाणारे. ताटात आठ गुलाबजाम घेतात, दोन खातात, सहा तसेच ठेवून सेल्फी काढायला जातात. लहान पोराला नको असलेली पुरी कुरतडून परत ताटात. लग्नाचा वास मला हल्ली लांबूनच येतो. अत्तर, झेंडू आणि खालच्या कप्प्यातलं आंबट वरण, तिन्ही मिळून येणारा तो वास. घरी येऊन अंघोळ केली तरी केसांतून जात नाही.

बाबांची लाकडी गाडी भूपेशने हळदीच्या मटणाच्या चुलीत घातली. लाकूड ओलं होतं, धूर झाला, एवढीच त्याची तक्रार होती.

आता दुसरं. मी लिहिलं की मी मागे गेले नव्हते. गेले होते. तू यायच्या आधी पाऊण तास गेले होते. मोरीपाशी दोन माणसं खालच्या कप्प्यातले न चावलेले गुलाबजाम कोमट पाण्यात विसळत होती आणि भूपेश ते नव्या पाकात सोडत होता. मी पाहिलं. तो म्हणाला, "आई, टेन्शन नको घेऊ. किसीने मुँह नहीं लगाया है." मी पदर नाकाला लावला आणि पुढे येऊन व्याह्यांना आग्रह करत बसले.

म्हणजे तू ओरडलीस तेव्हा तू खरं बोलतेस हे मला ठाऊक होतं. लिहून टाकलं. झालं समाधान?

आणि मी नुसतं 'खोटं बोलते' म्हणाले नव्हते. तू निघून गेलीस, पुढचं तू ऐकलं नसशील. कुणीतरी विचारलं, पोर असं का करेल? मी म्हणाले, तिला जमिनीत हिस्सा पाहिजे म्हणून भावाचा धंदा बुडवायला निघालीय. साखरपुड्याच्या दोन महिने आधी तू उल्हासनगरला कचेरीत येऊन हक्कसोडीवर सही करून गेली होतीस. चहासुद्धा न पिता. मीच तिथे साक्षीला होते. तरी मी तसं म्हणाले, आणि सगळ्यांनी माना डोलावल्या, कारण ते सगळ्यांना लगेच पटण्यासारखं होतं.

पण तूच विचार कर. विधवा बाईला मुलाच्या घरी राहायचं असतं. सगळा उद्योग भूपेशचा. मी त्याला कशी अडवणार होते?

आई


खरवई, २१ नोव्हेंबर २०२५

रिद्धी,

चिठ्ठी आली नाही. उन्नतीला विचारलं, तर म्हणाली, ताईने वाचलं आणि घडी घालून ठेवलं. रडली का? नाही, म्हणाली, भांडी घासायला गेली.

माझं मागचं पत्र मी मनातल्या मनात परत वाचलं. सगळा उद्योग भूपेशचा, असं लिहिलंय. ते लिहिताना माझा हात जराही अडखळला नाही, याचीच मला शिसारी आली. माझीच. गेले आठ दिवस माझ्या घशाखाली भात उतरत नाही. सून म्हणते, ॲसिडिटी असेल.

भूपेशला ते मी शिकवलं.

त्या साखरपुड्याच्या आदल्या वर्षीची गोष्ट. हॉल नवा होता. एक लग्न होतं, अंबरनाथची पार्टी, सांगितल्यापेक्षा शंभर माणसं जास्त आली. शेवटच्या दोन पंगती बाकी आणि जिलेबी संपली. भूपेश मागे येऊन डोक्याला हात लावून बसला. एवढा मोठा बाप्या, डोळ्यांत पाणी. म्हणाला, "आई, पहिल्याच सीझनला नाक कापलं जाणार." गाडी माझ्या बाजूला उभी होती. खालच्या कप्प्यात जिलेब्या पडल्या होत्या, पुष्कळ, अख्ख्या, लोकांनी हौसेने घेऊन टाकलेल्या. मी त्या उचलल्या. कुणी सांगितलं नाही मला. एकेक पाहून, तुटलेली बाजूला काढून, परातीत लावल्या, वरून गरम पाक फिरवला आणि परात गाडीच्या वरच्या कप्प्यात ठेवली. एका कप्प्यातून दुसऱ्या कप्प्यात, तेवढंच अंतर होतं.

मग भूपेशला म्हणाले, "जा, वाढ. ताटात पडली म्हणजे उष्टी होत नाही, तोंड लागलं तर होते." तो माझ्याकडे बघतच राहिला. आठवतं मला. तो दचकला होता, रिद्धी. तो तेव्हा दचकला होता आणि मी त्याला समजावलं. त्या दिवशी कुणाला काही कळलं नाही. पाहुणे जिलेबीची तारीफ करून गेले. रात्रभर मला वाटत होतं, उद्या भूपेश काहीतरी बोलेल, मीही बोलेन, आणि पुन्हा असं होणार नाही. सकाळी तो काहीच बोलला नाही. पुढच्या लग्नात त्याने मला न विचारता केलं.

म्हणून मी तुला खोटी म्हणाले. मुलाचा धंदा वाचवायला नव्हे. तू भूपेशचं नाव घेतलं होतंस, आणि आणखी खणलं असतंस तर माझ्यापर्यंत आली असतीस.

तीस तारखेला मी बोलणार आहे. घरातली मोठी बाई म्हणून पहिल्या पंगतीला पहिलं वाढप माझ्या हातून व्हायचं आहे, सगळे गप्प बसून माझ्याकडेच बघणार. तेव्हाच सांगेन. भूपेश मला घराबाहेर काढेल, काढू दे. उन्नतीचं लग्न नासवते म्हणून पाप लागेल, तर लागू दे. मी तिला आधी विचारलं. ती म्हणाली, "काकी, जेवणाच्या आधी बोल. नंतर काय फायदा?" तुझ्यापेक्षा आठ वर्षांनी लहान आहे ती.

तू आलीस तर बरं. नाही आलीस तरी मी बोलणार.

आई


खरवई, २ डिसेंबर २०२५

रिद्धी,

तू आली नाहीस. दारात रिक्षा थांबली की मी बघत होते. आता काय झालं ते माझ्याकडून ऐक, कारण भावकीतले लोक तुला वेगळंच सांगतील.

पहिली पंगत बसली. अडीचशे माणसं असतील. टेबल-खुर्च्यांची पंगत, पण पंगतच. गाडी माझ्या हाती दिली. मी ती दोन पावलं ढकलली आणि सोडून दिली. मी कमळाकर भावजींच्या खुर्चीची पाठ धरली. आणि बोलले. सगळं. जिलेबीचं, गुलाबजामचं, हक्कसोडीचं. म्हणाले, माझी रिद्धी खरं बोलली होती आणि मी तिला तुमच्यासमोर खोटी पाडली. या हॉलमध्ये तुम्ही उष्टं खाल्लंत आणि ते वाढायला सुरुवात मी केली.

मला वाटलं होतं, खुर्च्या सरकतील, कुणी थुंकेल, कुणी भूपेशची गचांडी धरेल. मी मनाची तयारी करून गेले होते. नवी साडी नेसले नव्हते, उगाच फाटेल म्हणून.

कुणी हललं नाही. कमळाकर भावजींनी माझा हात खुर्चीवरून काढला आणि हळूच म्हणाले, "चिमे, बस गो खाली. आमाला सगल्यांना म्हाईत हाय."

मी म्हटलं, "कवापासून?"

"तवाच. तुजी पोर बोलली तवाच मी मागं जाऊन बगून आलो. आता पोरीच्या लग्नात कनाला तो इषय? भात थंड व्हतोय."

त्यांच्या शेजारची बाई मला म्हणाली, "वहिनी, सगल्याच हॉलमंदी तसांच आसतां." दुसरीने विचारलं, आजचे गुलाबजाम तरी ताजे आहेत ना. कुणीतरी हसलं. वाढप्याने गाडी पुढे ढकलली आणि लोकांनी पानांना हात घातला. तीन वर्षं त्यांनी तुझं नाव टाकलं, तुला हिस्सेखाऊ म्हणून बोल लावले, आणि त्यातल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. ते हॉलवर येतच राहिले, कारण भूपेश भावकीला भाड्यात सूट देतो. मी तिथे उभी राहून त्यांची चावणारी तोंडं बघत होते. इतका किळस मला खालच्या कप्प्याचा कधी आला नव्हता.

मला वाटलं होतं, खरं बोलले की तुझं नाव धुऊन निघेल. तसं काही झालं नाही. तुझं नाव कुणाच्या मनात मळलेलंच नव्हतं. तुला खोटी ठरवणं त्यांना सोयीचं होतं, एवढंच.

पुढची गंमत बघ. ज्यांना थोडी शंका आली, त्यांनी काय केलं? गुलाबजाम खाल्ले नाहीत. ताटाच्या कडेला सरकवून ठेवले, स्वच्छ, अख्खे, तोंड न लावता. पंगत उठली आणि गाडीच्या खालच्या कप्प्यात गुलाबजामांची रास जमा झाली. कधी नव्हे इतकी. माझ्या बोलण्याने तेवढंच झालं. वाढपी ती गाडी मोरीकडे वळवायला लागला.

मी ती अडवली. खाली वाकले आणि हाताने गुलाबजाम चिरडायला लागले. एकेक. वरणात, भातात, मिरच्यांत कालवून, विसळता येणार नाही असे. बांगड्यांत पाक गेला, कोपरापर्यंत खरकटं झालं. भूपेश धावत आला. "आई, क्या कर रही है? लोग देख रहे हैं!" मी म्हटलं, "बघू दे." त्याने माझं मनगट धरलं. मी त्याच हाताने त्याचा हात धरला, पार माखवून टाकला, आणि म्हटलं, "हे मी तुला शिकवलं. आता हेही शिक." त्याने हात सोडवून घेतला आणि सदऱ्याला पुसत राहिला. संध्याकाळच्या पंगती होईपर्यंत मी त्या गाडीच्या बाजूला उभी होते. प्रत्येक पंगत उठली की मी वाकायचे. लोक बाजूने जाताना अंग चोरून जात होते. उन्नती एकदा शालू सावरत आली, माझ्याकडे पाहिलं आणि तिचं स्वतःचं अख्खं ताट न जेवता त्या कप्प्यात ओतून गेली.

कालपासून भूपेश माझ्याशी बोलत नाही. हॉलवर येऊ नको, असा निरोप सुनेकरवी आला. ते एक बरं झालं.

आता राहिलेलं. भावकीला मी सगळं सांगितलं असं वर लिहिलंय. एक गोष्ट सांगितली नाही, कारण ती त्यांची नाही. जिलेबीच्या त्या दिवशी शेवटची पंगत घरच्या माणसांची होती. परातीत अजून उरल्या होत्या. तू दिवसभर पळापळ करून दमून बसली होतीस, आणि म्हणालीस, "आई, मला दोन दे, भूक लागलीय." मला हात आखडता आला असता. संपल्या म्हणता आलं असतं. पण समोर चार माणसं होती, आणि मी नाही म्हटलं असतं तर त्यांनी विचारलं असतं, का नाही? मी तुला तीन वाढल्या. तू बोटं चाटून खाल्ल्यास.

याची माफी कशी मागतात ते मला माहीत नाही. मागत नाही.

उद्या सकाळी मी अंबरनाथला येते. पत्ता उन्नतीकडून घेतलाय. दार उघडलं नाहीस तर जिन्यात बसून परत जाईन, गाजावाजा करणार नाही. पहिल्यांदाच लेकीकडे जातेय, तर काहीतरी करून न्यावं असं मनात आलं होतं. नाही आणणार. माझ्या हातचं तुझ्या घशाखाली उतरेल की नाही हे मला विचारायचं नाही आणि तुझ्या तोंडावर पाहायचंही नाही.

उपाशी येते. काही असेल तर वाढ.

आई